साधी दुखापत

गेल्या मंगळवारी दुपारी आमच्या चाळीत एक हवालदार समन्स घेऊन आला. सुदाम गोविंद जाधव, धंदा नोकरी, राहणार काळाचौकी, यांनी साक्षीसाठी कोर्टात हजर राहावे, कसूर केल्यास वगैरे वगैरे. पुढची धमकी छापीलच असते. मी जिन्यात उभी राहून तो कागद वाचला आणि माझं डोकं असं फिरलं की विचारू नका.

"इथेच राहतात ना?" हवालदाराने विचारलं.

"राहत होते. अकरा महिने झाले जाऊन."

"मग मयत लिहू?"

"लिहा. आणि खाली हेही लिहा की आरोपी ठणठणीत आहे. कालच त्याला मंडळाच्या ऑफिसात वडापाव खाताना बघितलंय."

तो कसंनुसं हसला. म्हणाला, "मॅडम, तेवढी जागा नसते कागदावर." त्याचा काही दोष नाही, बिचारा तीन मजले चढून आला होता. मी त्याला पाणी दिलं. त्याने अर्धा ग्लास प्यायला आणि उरलेलं गॅलरीतून खाली भिरकावलं. चावीकाका असते तर त्याला तिथेच धरला असता.

चावीकाका म्हणजे हेच सुदाम जाधव. सुदाम हे नाव पगारपत्रकावर आणि एफआयआरवर, बाकी सगळ्या काळाचौकीला ते चावीकाका. पाणीखात्यात चावीवाले होते. मुंबईत जन्म काढलेल्या पुष्कळ लोकांना वाटतं की वेळ झाली की नळाला पाणी आपोआप येतं. आपोआप काही येत नाही हो. रस्त्यात लोखंडी झाकणं असतात, झाकणाखाली खड्डा, खड्ड्यात व्हॉल्व्ह. ठरलेल्या वेळी एक माणूस छातीएवढी लांब लोखंडी चावी खांद्यावर टाकून येतो, झाकण सरकवतो, चावी आत बसवतो आणि फेरे मोजत व्हॉल्व्ह उघडतो. वेळ संपली की तितकेच फेरे उलटे. आमच्या चार गल्ल्यांचा तो माणूस एकतीस वर्षं एकच होता.

काका उंचीने बेताचे, काळेसावळे, दंड मात्र असे की शर्टाच्या बाह्या तिथे उसवायच्या. मनगटावर घड्याळ कधी नाही. सकाळी पावणेसहाला पहिलं झाकण वाजायचं, त्या आवाजावर माझी आई स्टोव्ह पेटवायची आणि मला हाक मारायची, "उठ गो, पाणी इला!" भेटल्यावर कोणाला 'कसे आहात' म्हणणार नाहीत. "पाणी आलं का?" हेच विचारायचे. लग्नात, बारशात, दवाखान्यात, कुठेही. कोर्टाच्या शिपायालासुद्धा त्यांनी हेच विचारलं होतं, आणि तो मुंब्र्याचा निघाला, नळाला दिवसाआड पाणी येणारा. मग दोघांचं पाण्यावर इतकं जमलं की आमचा पुकारा चुकता चुकता राहिला.

फेरे मोजताना त्यांच्याशी बोलायचं नाही. मधेच कोणी "काय काका" केलं की चिडायचे, पूर्ण बंद करून पहिल्यापासून मोजायचे. तिसऱ्या गल्लीचा व्हॉल्व्ह फार जुना, त्याचे आटे झिजलेले. त्याला ते म्हातारी म्हणायचे. म्हातारीला सहा फेरे द्यायचे, मग अर्धा मागे घ्यायचा, मग उरलेले सात. अर्धा मागे घेतला नाही तर ती अडून बसायची आणि टेकडीकडच्या चाळींना थेंब मिळायचा नाही. हे कुठल्याही वहीत लिहिलेलं नव्हतं, काकांच्या हाताला माहीत होतं.

आणि तो कान. उघडून झालं की काका गुडघ्यावर बसायचे आणि चावीच्या मुठीला उजवा कान लावायचे. डोळे मिटून. लोखंडातून त्यांना पाणी ऐकू यायचं. किती जोरात चाललंय, कुठे हवा अडकलीय, कुठे गळतंय. एकतीस वर्षं गंज लागून त्या कानाची पाळी तांबूस झाली होती. काकू होत्या तोवर रविवारी खोबरेल लावून घासायच्या, तरी जायची नाही. एकदा दुसऱ्या गल्लीत पाणी कमी येत होतं तेव्हा खात्याचे इंजिनीअर मशीन घेऊन आले. दोन दिवस रस्ता खणला, काही सापडेना. काका म्हणाले, "साहेब, पानाच्या टपरीखाली बघा." साहेब हसले. तिसऱ्या दिवशी टपरी हलवून खणलं तर खाली पाइप फुटलेला. साहेबांनी विचारलं, "तुम्हाला कसं कळलं?" काकांनी कान दाखवला. साहेबांनी रिपोर्टमध्ये मशीनचं नाव लिहिलं.

नियमाला इतके पक्के की राग यायचा. परबांच्या मुलीची हळद होती, शंभर माणूस गॅलरीत, परब हात जोडून म्हणाले, "दहा मिनिटं जास्त सोडा." काका म्हणाले, "तुला दहा मिनिटं जास्त म्हणजे वरच्या चाळीला दहा मिनिटं कमी. त्यांच्याकडे आज हळद नाही म्हणून त्यांनी तहानलेलं राहायचं?" व्हॉल्व्ह वेळेवर बंद केला. परब शिव्या घालत वर गेले. अर्ध्या तासाने काका आपल्या खोलीतलं पिंप रिकामं करून दोन हंडे घेऊन परबांच्या दारात उभे. स्वतः त्या दिवशी अंघोळीशिवाय राहिले आणि जेवायच्या पंगतीत तसेच बसले.

पाण्याबद्दल ते एकदाच मनातलं बोलले. मी नुकतीच वकिलीची सनद घेतली होती, पेढे द्यायला त्यांच्या खोलीत गेले होते. म्हणाले, "निशे, आमच्या आज्याला गावच्या पाणवठ्यावर उभं करत नव्हते. वरून कोणी ओतलं तर ओंजळीने प्यायचा. आणि आता बघ, मी फिरवल्याशिवाय या चार गल्ल्यांत कोणाचा हंडा भरत नाही." आणि खळखळून हसले. मला हसता येईना. आमच्याच घरात त्यांच्यासाठी एक वेगळा कप होता. कान तुटलेला, शेल्फच्या टोकाला ठेवलेला. माझ्या आईने ठेवलेला. काकांना तो माहीत होता. तरी यायचे, त्यातून चहा प्यायचे, आणि जाताना आईला विचारायचे, "वहिनी, पाणी आलं ना नीट?"

आता भोगले.

हा आमच्या भागातला समाजसेवक. म्हणजे बॅनरवर तसं लिहिलेलं असतं. चाळी पाडून टॉवर उभे करणाऱ्या बिल्डरांची कामं करतो, रहिवाशांच्या सह्या गोळा करतो, दहीहंडी लावतो, सगळ्यांना 'भाऊ' म्हणतो आणि सगळ्यांकडून 'भाऊ' म्हणवून घेतो. पहिल्या गल्लीच्या तोंडाशी बावीस मजल्यांचा टॉवर झाला, त्याच्या टाक्या भरेनात. भोगले काकांना म्हणाला, पहिल्या गल्लीच्या व्हॉल्व्हला रोज चार फेरे जास्त द्या. काका म्हणाले, खात्याचं पत्र आणा. पत्र काही आलं नाही. भोगले दोनदा गोडीत बोलला, एकदा दरडावून बोलला. चौथ्यांदा सकाळी सहा वाजता दोन माणसं घेऊन खड्ड्यापाशी आला. काका मोजत होते. भोगलेने काय म्हटलं ते त्यांनी ऐकलं, उत्तर दिलं नाही, पूर्ण बंद करून पहिल्यापासून मोजायला लागले. हे त्याला झोंबलं. त्याने चावी काकांच्या हातातून उपसली आणि तीच त्यांच्या डोक्यात घातली. उजव्या बाजूला, कानाच्या वर. काका पडले तशी पाठीत आणखी दोन.

गॅलरीत निदान चाळीस माणसं दात घासत उभी होती.

टाके पडले आठ. हॉस्पिटलमधल्या डॉक्टरने घाईगडबडीत बघितलं, शिवलं, विचारलं, "ऐकू येतंय ना? चक्कर? उलटी?" काका म्हणाले, काही नाही. दाखल्यावर आलं, साधी दुखापत. सरकारी नोकराला ड्यूटीवर असताना लोखंडाने मारलं म्हणून पोलिसांनी गुन्हा मात्र अजामीनपात्र लावला, आणि त्याच दुपारी भोगलेचा फोन बंद झाला.

माझ्याकडे चाळीतले लोक आले. गॅलरीतून बघणारेच. साक्ष द्यायला एकही तयार नव्हता, सल्ला द्यायला सगळे. "निशा, जातीवरून शिवी दिली असं टाक की. मग त्याला अटकपूर्व मिळणारच नाही." कायद्याने ते बरोबर होतं. ते कलम लागलं असतं तर भोगलेला अटकपूर्व जामीन मिळणं जवळजवळ अशक्य. मी काकांना विचारलं, "बोलला का तो तसं काही?"

"नाही."

"नक्की? आठवून सांगा. मारताना बोलला असेल."

"निशे, तो आईवरून बोलला, बापावरून बोलला. जातीवरून नाही बोलला. जे बोलला नाही ते मी त्याच्या तोंडात घालणार नाही. या कायद्यासाठी आमच्या लोकांनी लाठ्या खाल्ल्यात, तो मी असा वापरू?"

कोर्टाच्या कँटीनमध्ये बसून 'हे कलम काय, कोणीही उठून कोणावरही लावतो' असं म्हणणारे माझ्याच व्यवसायातले शहाणे मला रोज भेटतात. त्यांच्यापैकी प्रत्येकाला कॉलर धरून काकांच्या त्या कॉटपाशी नेऊन उभं करावं असं मला आजही वाटतं.

अटकपूर्व जामीन म्हणजे पोलिसांनी पकडायच्या आधीच कोर्टात जायचं आणि 'मला पकडायची गरज नाही' असा हुकूम मागायचा. मी स्वतः कित्येकांना मिळवून दिलाय. दिराने खुन्नस काढायला नाव घातलेल्या भावजयीला, भांडणात नसलेल्या शेजाऱ्याला. चांगली सोय आहे ती, मी तिच्या विरुद्ध नाही. पण ज्याने भर सकाळी म्हाताऱ्या माणसाचं डोकं फोडलं त्याला दोन दिवसांत 'पुढील तारखेपर्यंत अटक करू नये' मिळतं आणि तो त्याच संध्याकाळी त्याच गल्लीत बुलेट फिरवतो, तेव्हा बघणाऱ्या चाळीस जणांना जे कळायचं ते कळतं. त्यांची तोंडं त्याच संध्याकाळी बंद झाली. नंतर साक्षीदार फुटले म्हणून रडायचं कशाला?

अंतिम सुनावणीला मी काकांच्या वतीने उभी राहिले. सरकारी वकिलांच्या मागे, कारण अशा अर्जात मार खाल्लेल्या माणसाचा नंबर शेवटी लागतो. मी तयारी करून गेले होते. आरोपीला ताब्यात घ्यायलाच हवं, हत्यार जप्त व्हायचंय, साक्षीदारांवर दबाव आहे, सगळं मुद्देसूद. भोगलेचा वकील उठला आणि त्याने दोनच कागद पुढे केले.

पहिला कागद खात्याचा हजेरीपट. मारहाण झाली सोमवारी. मंगळवार, बुधवार, गुरुवार रजा. शुक्रवारी सकाळी पावणेसहा, सुदाम जाधव यांची सही.

"पाहावं साहेब, फिर्यादी चौथ्या दिवशी कामावर आहे. जड लोखंडी चावी फिरवतोय. ही काय गंभीर दुखापत?"

मी काकांकडे बघितलं. ते मागच्या बाकावर डोक्याला पट्टी बांधून शांत बसले होते.

खरी गोष्ट अशी की त्या तीन दिवसांत जो बदली माणूस काकांची चावी घेऊन जात होता त्याला म्हातारीचा अर्धा फेरा माहीत नव्हता. टेकडीकडच्या चाळींना तीन दिवस पाणी नव्हतं. बायका खाली येऊन काकांच्या दारात उभ्या राहिल्या. डोकं फुटलेल्या माणसाच्या दारात, हंडे घेऊन! आणि हा माणूस टाक्यांसकट उठून गेला. पंधरा दिवस नेहमीचं काम करता आलं नाही तर कायदा दुखापत गंभीर धरतो. काकांनी तीन दिवस धरले. मला विचारलंसुद्धा नाही.

दुसरा कागद मला जास्त लागला. वकील म्हणाला, "हत्यार जप्त करायचंय म्हणतात. हत्यार आहे कुठे? फिर्यादीच्याच खांद्यावर. तो रोज त्यानेच पाणी सोडतोय." आणि मोबाइलवर काढलेला फोटो. काका, पट्टी, आणि खांद्यावर तीच चावी.

तीच. काकांनी पडल्या जागेवरून ती उचलून घरी आणली होती, रक्त धुतलं होतं, वर घासलीही होती, कारण त्या जुन्या व्हॉल्व्हला बसणारी दुसरी चावी खात्याकडे नव्हती. दुसऱ्या दिवशी तपासी अधिकारी पंचनाम्याला आले तेव्हा त्यांना म्हणाले होते, "चावी देतो, पण मग लोकांना पाणी कशाने सोडू?" साहेबही म्हणाले, राहू दे मग, नंतर बघू. हे मला त्या दिवशी कोर्टात कळलं, आरोपीच्या वकिलाच्या तोंडून.

न्यायाधीशांनी काकांना पुढे बोलावलं. चांगल्या शब्दांत विचारलं. "आता तब्येत कशी आहे? काम करताना काही त्रास?"

"काही त्रास नाही साहेब."

झालं. दुखापत साधी, हत्यार लपवलेलं नाही, आरोपी स्थानिक रहिवासी, पळून जाण्याची शक्यता नाही. अर्ज मंजूर. दर सोमवारी पोलीस ठाण्यात हजेरी, फिर्यादीशी कोणताही संपर्क ठेवू नये. समोर जे कागद होते त्यावर दुसरा कोणी न्यायाधीश असता तर त्यानेही कदाचित हेच केलं असतं, आणि हे मला कबूल करावं लागतं याचाच मला संताप येतो.

बाहेर व्हरांड्यात भोगलेला हार घातला. कोर्टाच्या दारात हार! मी काकांना जिन्यात गाठलं आणि वाट्टेल ते बोलले. "कोणी सांगितलं होतं शुक्रवारी जायला? कोणी सांगितलं होतं चावी धुवायला? त्या बायका आल्या असत्या का तुमच्यासाठी कोर्टात?" काका ऐकत राहिले. मग म्हणाले, "वरच्या चाळीत बाळंतीण होती गं." एवढंच. मी त्यांना टॅक्सीत बसवलं आणि स्वतः चालत गेले, कारण शेजारी बसले असते तर आणखी बोलले असते.

पंधरा दिवसांनी खटल्यासाठीच्या वकालतनाम्यावर सही घ्यायची राहिली होती म्हणून सकाळी खड्ड्यापाशीच गेले. काका म्हातारीपाशी होते. सहा, अर्धा मागे, सात. मग गुडघ्यावर बसले आणि चावीच्या मुठीला कान लावला.

डावा.

मी थांबले. लहानपणापासून बघत आले होते, उजवा कान, गंजलेली पाळी. मी त्यांच्या उजव्या बाजूला गेले, वाकून म्हटलं, "काका." हलले नाहीत. जरा मोठ्याने, "काका!" समोरच्या दूधवाल्याने वळून बघितलं. काकांनी नाही.

मी खांद्याला हात लावला तेव्हा दचकले. माझ्या तोंडाकडे बघितलं आणि त्यांना कळलं की मला कळलंय.

"कधीपासून?"

"त्या दिवसापासूनच. शिटी वाजते आत. बाकी काही नाही ऐकू येत."

कान कायमचा जाणं ही गंभीर दुखापत आहे, त्याला हजेरीपट लागत नाही की पंधरा दिवस मोजावे लागत नाहीत. हे मला माहीत होतं, भोगलेच्या वकिलाला माहीत होतं, न्यायाधीशांना माहीत होतं. एक दाखला समोर असता तर तो अर्ज तिथेच फेटाळला जाण्याची शक्यता होती. मी वकील, चौदा वर्षांची प्रॅक्टिस, आणि मी हत्याराचा विचार केला, साक्षीदारांचा केला, 'काका, ऐकू येतंय का' एवढं विचारलं नाही. त्यांच्या डाव्या बाजूला बसून त्यांची हकीकत लिहून घेतली होती मी. आता लक्षात येतं, तेच मला त्या बाजूला बसवायचे.

"का नाही सांगितलंत? डॉक्टरला का नाही सांगितलंत? न्यायाधीश विचारत होते काका, तोंडावर विचारत होते!" मी रस्त्यात ओरडत होते. गॅलरीत पुन्हा चाळीस माणसं.

"सांगितलं असतं तर खात्याने अनफिट केला असता," काका म्हणाले. "बहिऱ्या माणसाला चावी देत नाहीत. ऑफिसात टेबलापाशी नेऊन बसवला असता. सात महिने राहिलेत माझे. एकतीस वर्षं मी पाणी सोडलं, आणि शेवटचे सात महिने फायली उचलू? त्या भोगलेमुळे? त्याला तेच तर पाहिजे होतं, मी या खड्ड्यावरून हललो पाहिजे."

"आणि तो मोकळा फिरतोय ते?"

"फिरू दे सात महिने. रिटायर झालो की तू म्हणशील त्या डॉक्टरकडे येतो. शब्द देतो."

तेव्हा मी त्यांच्यावर जितकी चिडले तितकी भोगलेवरही चिडले नव्हते. आईला सांगितलं तर तिने आधी स्टोव्ह बारीक केला. मग म्हणाली, "त्येका सांग, रोज सकाळी हयसर येवन चाय घेवन जा." त्यानंतर काका रोज यायचे. शेल्फावरचा तो कप मला पुन्हा दिसला नाही. तिने तो कधी टाकला ते तिने सांगितलं नाही, मीही विचारलं नाही.

काकांनी शब्द पाळला. रिटायर झाल्याच्या पुढच्या सोमवारी आम्ही कानाच्या डॉक्टरकडे गेलो. उजवा कान पूर्ण गेलेला. पण डॉक्टरने प्रामाणिकपणे लिहिलं की हे कधी आणि कशाने झालं ते आता सांगता येणार नाही, वयानेही असू शकतं. मी जामीन रद्द करायचा अर्ज केला. दाखला जोडला, आणि एक फोटो जोडला. फोटोत भोगले काकांच्या खांद्यावर हात टाकून त्यांच्या कानाशी लागलाय. 'फिर्यादीशी संपर्क ठेवू नये' ही अट त्याने सरळसरळ मोडली होती. भोगलेचा वकील म्हणाला, सार्वजनिक कार्यक्रम होता, चाळ कमिटीचं रीतसर निमंत्रण होतं, आणि पाहावं साहेब, फिर्यादी हसतोय. धमकी दिली असती तर माणूस हसेल? अर्ज फेटाळला. तीन महिन्यांनी काका झोपेतच गेले. विहारातले लोक आले, आम्ही सगळ्यांनी जयभीम म्हटलं. खटला तसाच पडून राहिला आणि मंगळवारी त्याचं समन्स आलं.

तो फोटो मीच काढला होता. निरोपाचा कार्यक्रम आमच्याच चाळ कमिटीने ठेवला होता आणि प्रमुख पाहुणा म्हणून भोगलेला बोलावलं होतं, कारण आमची चाळही त्याच बिल्डरकडे जाणार होती आणि नवी खोली कोणाला मिळणार त्याची यादी भोगलेच्या हातात. ज्यांच्या घरी या माणसाने एकतीस वर्षं पाणी पोचवलं त्यांनी त्याला शाल घालायला त्याचं डोकं फोडणारा आणला. मी उठून बोलणार होते. काकांनी मंचावरून मला हाताने खूण केली, बस. भोगलेने शाल घातली, नारळ दिला, फोटोसाठी खांद्यावर हात टाकला आणि वाकून काहीतरी बोलला. चांगली चार-पाच वाक्यं बोलला. काका समोर बघून हसत होते. टाळ्या वाजल्या.

कार्यक्रम संपल्यावर काका कोणासाठी थांबले नाहीत. चावी त्यांनी सकाळीच नव्या माणसाच्या हवाली केली होती. मी त्यांच्या मागोमाग खोलीत गेले. शाल कॉटवर टाकून ते मोरीत नळापाशी उभे होते, डावा कान नळाकडे करून. संध्याकाळच्या पाण्याची वेळ होत आली होती. ते रजेचे तीन दिवस सोडले तर एकतीस वर्षांत या वेळेला ते पहिल्यांदाच घरात होते.

नळ खरखरला, हवा आली, मग धार लागली.

"घेतला," काका म्हणाले. "अर्धा मागे घेतला त्याने."

मी त्यांच्या उजव्या बाजूला उभी होते. विचारलं, "काका, भोगले काय म्हणाला कानात?" ते धारेकडे बघत राहिले. मी वळसा घालून डावीकडे गेले आणि पुन्हा विचारलं. "धमकी दिली? माफी मागितली? काय म्हणाला? अर्ज करायचाय मला, सांगा."

"मला काय विचारतेस?" काका म्हणाले. "त्याने जो फोडला त्याच कानात बोलला तो."

आणि त्यांनी नळाखाली बादली सरकवली.